पाते कुणाचे, दांडा कुणाचा?

संप चौथ्या-पाचव्या दिवसावर गेला, की पारावर बसलेला एखादा गृहस्थ हमखास विचारतो, "यांना पैसा कोण पुरवतो हो?" कामगार संघटनेच्या कामात हा प्रश्न मला इतक्या वेळा ऐकावा लागला आहे, की आता त्याचा राग येत नाही. प्रश्न रास्तच आहे. आम्ही त्या गृहस्थापुढे पावतीपुस्तक ठेवतो. सभासदाची वर्गणी, तिची पावती, जमाखर्चाची वही, हिशेबतपासनिसाची सही आणि निबंधकाकडे जाणारे वार्षिक पत्रक, हे सारे १९२६ सालच्या ट्रेड युनियन कायद्याने संघटनांवर बंधनकारक केले. त्याच कायद्याने आणखी एक दंडक घातला. संघटनेला राजकारणासाठी पैसा खर्च करावयाचा असेल, तर त्याचा निधी निराळा असला पाहिजे, आणि त्या निधीत पैसे टाकण्याची सक्ती कोणाही सभासदावर करता येणार नाही. इंग्रज सरकारला कामगारांचा भरवसा वाटत नव्हता, म्हणून ही बंधने आली हे खरे. पण त्या निमित्ताने आम्हांला सवय चांगली लागली. ज्याला स्वतःची वही चारचौघांत उघडावी लागते, त्याला दुसऱ्याची वही मागण्याचा थोडाबहुत अधिकार येतो.

त्या अधिकाराने मी आज एका चित्रपटकाराविषयी बोलणार आहे. चित्रपट म्हटला की नटनटी आणि गाणी डोळ्यांसमोर येतात. पण आपल्या देशात हलत्या चित्राचा जन्म झाला तो खऱ्याखुऱ्या घटनेपासून. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा, यांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील एक कुस्ती टिपली. नट नाही, कथा नाही, दोन मल्ल आणि भोवती जमलेली माणसे. स्वातंत्र्यानंतर १९४८ साली सरकारने फिल्म्स डिव्हिजन काढली, आणि पुढे कित्येक वर्षे मुख्य चित्रपटाच्या आधी धरणांचे, कारखान्यांचे आणि मंत्र्यांच्या दौऱ्यांचे अनुबोधपट आपण पाहिले. त्या अनुबोधपटांत सारे काही ठीक चाललेले असे. सारे ठीक नाही, हे दाखवणारा अनुबोधपट निघायला सरकारच्या बाहेरचा माणूस लागला. अशा माणसांपैकी सर्वांत चिकाटीचा माणूस म्हणजे मुंबईचे आनंद पटवर्धन.

पटवर्धनांचा जन्म १९५० सालचा. बेचाळीसच्या लढ्यात भूमिगत राहून काम करणारे अच्युतराव पटवर्धन आणि त्यांचे बंधू रावसाहेब हे त्यांचे काका. एल्फिन्स्टन कॉलेजातून पदवी घेऊन ते अमेरिकेत शिकायला गेले, व्हिएतनामच्या युद्धाविरुद्धच्या चळवळीत पडले, आणि सीझर चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेत काही काळ स्वयंसेवक म्हणून राबले. परत आल्यावर १९७४ साली बिहारात जयप्रकाशांचे आंदोलन पेटले, तेव्हा मागून आणलेल्या एका लहानशा सुपर एट कॅमेऱ्याने त्यांनी ते टिपले. तो चित्रपट म्हणजे 'क्रांती की तरंगें'. आणीबाणी आली तेव्हा त्या चित्रपटाचे तुकडे करून ते गुपचूप परदेशी धाडावे लागले, आणि तेथे ते पुन्हा जोडले गेले. तेव्हापासून आजतागायत त्यांच्या कामाची रीत तीच आहे. खर्च बव्हंशी पदरचा. चित्रपटाच्या प्रती विकून आणि पारितोषिकांतून जे मिळेल ते पुढच्या चित्रपटात घालायचे. सरकारी किंवा कोणा शेठजीच्या पैशावर ही माणसे उभी राहिलेली नाहीत. हे मी मुद्दाम सांगतो, कारण पुढे ते इतरांच्या पैशाची चौकशी करतात, आणि तसे करताना त्यांची स्वतःची वही उघडी आहे.

त्यांची कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारण्याची पद्धत पाहण्यासारखी आहे. आवाज चढत नाही, वाद होत नाही. समोरच्याला शाळामास्तर विचारील तसा साधा प्रश्न विचारायचा आणि उत्तर संपेपर्यंत गप्प राहायचे. पुष्कळदा माणूस उत्तर संपल्यावर आपणहून आणखी एक वाक्य बोलतो. खरे ते त्या वाक्यात असते.

धर्माच्या नावाने चाललेल्या कडव्या राजकारणाकडे ते प्रथम वळले ते पंजाबात. १९९० सालच्या त्यांच्या चित्रपटात भगतसिंगांची आठवण हा विषय आहे. खलिस्तानवाले म्हणत, भगतसिंग आमचा. सरकार म्हणे, आमचा. आणि त्या दोहोंच्या मध्ये शीख व हिंदू कार्यकर्त्यांची एक लहानशी तुकडी गावोगाव फिरून सांगत होती, की भगतसिंग धर्माच्या नावाने माणसे मारणाऱ्यांचा नव्हे. त्या कार्यकर्त्यांतले जयमलसिंग पड्डा हे कवी आणि कम्युनिस्ट. १९८८ साली अतिरेक्यांनी त्यांना गोळ्या घातल्या. हे येथे सांगण्याचे कारण असे, की पटवर्धनांना एकाच धर्माचे वावडे आहे असा आक्षेप पुष्कळदा ऐकू येतो. तो ज्यांना घ्यायचा असेल त्यांनी हा पंजाबचा चित्रपट आधी पाहावा.

त्यानंतर आला 'राम के नाम'. २५ सप्टेंबर १९९० रोजी लालकृष्ण अडवाणी यांची रथयात्रा सोमनाथहून अयोध्येकडे निघाली. रथ म्हणजे वातानुकूलित टोयोटा मोटार. तिला वरून रथाचे रूप दिलेले. २३ ऑक्टोबरला बिहारात समस्तीपूर येथे अडवाणींना अटक झाली, आणि ३० ऑक्टोबरला अयोध्येत जमाव मशिदीवर चढला. या साऱ्या प्रवासात पटवर्धन कॅमेरा घेऊन हिंडत होते. कायद्याचे शिक्षण घेणारे तरुण घोषणा देताना भेटले. पटवर्धनांनी त्यांना विचारले, राम केव्हा जन्मला? कोणाला सांगता आले नाही. एक महंत कॅमेऱ्यापुढे सांगतो, की १९४९ च्या डिसेंबरात रात्री मशिदीत मूर्ती ठेवल्या गेल्या तेव्हा आपण त्यात होतो.

या चित्रपटात मला सर्वांत मोलाचा वाटला तो पुजारी लालदास. न्यायालयाने रामजन्मभूमीच्या पूजेसाठी नेमलेला हा पुजारी. झाडाखालच्या गारव्यात बसून बोलावे तसा शांतपणे तो बोलतो. त्याच्या सांगण्याचा आशय असा, की हा सारा सत्तेचा आणि पैशाचा खेळ आहे, आणि जे मंदिराच्या नावाने देशभर गर्जना करीत फिरतात, त्यांनी या रामापुढे कधी नैवेद्यही ठेवला नाही. देवळाचा पुजारीच देवळाच्या नावावर चाललेल्या वर्गणीचा हिशेब विचारतो आहे, हे दृश्य मी विसरू शकत नाही. १९९२ साली लालदासाला पुजारीपदावरून दूर करण्यात आले. त्याच वर्षी ६ डिसेंबरला मशीद पाडली गेली. १९९३ च्या नोव्हेंबरात लालदासाचा गोळ्या घालून खून झाला. हिशेब विचारणे किती महाग पडू शकते, ते यावरून समजावे.

मोठ्या पैशाने राजकारण बिघडते, ही शंका आजची नाही. १९५७ साली टाटा आयर्न अँड स्टील कंपनीने राजकीय पक्षांना देणगी देता यावी म्हणून आपल्या घटनापत्रकात बदल मागितला. एका भागधारकाने त्याला हरकत घेतली आणि प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात मुख्य न्यायमूर्ती छागला यांच्यापुढे आले. कायद्याची आडकाठी नव्हती, म्हणून त्यांनी परवानगी दिली. परंतु कंपन्यांचा पैसा लोकशाहीत शिरला तर काय अनर्थ होईल, याचा इशारा देऊन हा धोका संसदेने ध्यानात घ्यावा असेही त्यांनी सुचवले. १९६९ साली कंपन्यांच्या देणग्यांवर बंदी आली. १९८५ साली ती उठली. नफ्याच्या ठराविक हिश्श्यापलीकडे कंपनीने देऊ नये अशी मर्यादा होती, ती २०१७ साली गेली. आणि २०१८ च्या जानेवारीत निवडणूक रोखे आले. रोखे स्टेट बँकेतून घ्यायचे, पक्षाला द्यायचे, आणि देणाऱ्याचे नाव जनतेला कळायचे नाही, अशी ती व्यवस्था. १५ फेब्रुवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी एकमताने ती घटनाबाह्य ठरवली. म्हणजे पाहा, शंभर-दोनशे कामगारांच्या संघटनेला पै-पैची पावती फाडावी लागत होती, आणि देशाचा कारभार मिळवणाऱ्या पक्षांना मात्र सहा वर्षे कोट्यवधींच्या देणग्या निनावी घेता आल्या! रोख्यांचा सारा पैसा वाईट कामाला गेला असे मी म्हणत नाही. अंधारात कोण कोणाचा हात धरतो हे दिसत नाही, एवढेच माझे म्हणणे आहे.

आणि अंधार फक्त दिल्लीत असतो असेही नाही. आपल्याच जिल्ह्याची गोष्ट घ्या. १९९२ च्या डिसेंबरात आणि १९९३ च्या जानेवारीत मुंबईत दंगली झाल्या. श्रीकृष्ण आयोगाच्या अहवालाप्रमाणे नऊशे माणसे मेली. त्यानंतर फेब्रुवारीत श्रीवर्धनजवळ शेखाडीच्या किनाऱ्यावर रात्री आरडीएक्स उतरले. १२ मार्चला मुंबईत बॉम्बस्फोट झाले आणि २५७ माणसे ठार झाली. तो माल शेखाडीहून मुंबईला गेला कसा? आपल्या घाटरस्त्यांवरून, चौक्या ओलांडून. कस्टम आणि पोलीस खात्यांतल्या काही माणसांनी पैसे घेऊन वाट मोकळी केली, हे खटल्यात शाबीत झाले, आणि २१ मार्च २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्या खटल्याचा अखेरचा निकाल दिला. लाच घेणाऱ्यांतल्या कोणाला दाऊद-टायगरच्या धर्माशी काही देणेघेणे नव्हते. त्यांनी आपले नेहमीचे दर लावले, एवढेच. चांदी-सोन्याच्या तस्करीसाठी जी वाट पैशाने तयार झाली होती, तिच्यावरून बॉम्ब चालत गेला.

येथपर्यंत माझे म्हणणे सरळ आहे: द्वेषाच्या मागे पैसा आहे, तो हुडकून काढा. बरीच वर्षे गेटसभांतून मी हेच बोलत असे. पोरांना पैसे चारून मोर्चात नेतात, असे माझे ठरलेले वाक्य होते, आणि त्याला टाळ्याही पडत. ते वाक्य बोलायचे मी कसे सोडले, ते सांगतो.

दहाबारा वर्षांपूर्वी महाडात आमच्या संघटनेच्या खोलीवर आम्ही पटवर्धनांचा 'फादर, सन अँड होली वॉर' दाखवला. भिंतीला चादर लावली आणि भाड्याचा प्रोजेक्टर आणला. १९९५ सालचा हा चित्रपट दोन भागांत आहे. पहिल्यात सती, दंगल आणि आग. दुसऱ्यात पुरुषार्थाची जडीबुटी विकणारे रस्त्यावरचे वैदू, पडद्यावरचे दणकट नायक, मर्दपणाची भाषणे करणारे पुढारी, आणि ती ऐकून अंगात वारे भरलेली पोरे. दूरदर्शनने हा चित्रपट दाखवायचे नाकारले होते. पटवर्धन न्यायालयात गेले, आणि २५ ऑगस्ट २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो दाखवण्याचा आदेश दिला.

चित्रपट संपल्यावर मी माझे ठरलेले वाक्य बोललो. मागे दाराशी एक विशीतला मुलगा उभा होता. त्याचा बाप ठेकेदाराकडे कामाला होता. ठेका गेला तसा तोही घरी बसला होता. हा मुलगा आदल्याच महिन्यात अशा एका मोर्चात पुढे चाललेला मी पाहिला होता. तो म्हणाला, "काका, मला कुणी चहासुद्धा पाजला नाही. उलट झेंड्याला मीच पन्नास रुपये दिले. पण त्यांनी मला घरी येऊन बोलावलं. तुम्ही माझ्या बापाला वर्गणी मागायला यायचात, मला कधी बोलावलंत?"

मला उत्तर सुचले नाही. खरे सांगायचे तर आजही पुरते सुचलेले नाही. त्याच्या बापाचा ठेका गेला तेव्हा आम्ही निवेदन दिले होते. कायम कामगारांची मागणी आधी, ठेक्याच्यांची नंतर, असा आमचा क्रम होता. त्या नंतरच्या यादीत एक घर होते, आणि त्या घरात हा मुलगा वाढत होता.

आपल्याकडे म्हण आहे, कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ. लोखंडाचे पाते एकटे रानाचे काही करू शकत नाही. रानातलेच लाकूड जेव्हा त्याचा दांडा होते, तेव्हा रान तुटते. मी आयुष्यभर पात्याची चौकशी केली. पाते कोणत्या लोहाराने घडवले, कोणी पैसे दिले. दांडा आपल्याच रानातून कसा गेला, हे विचारायचे राहून गेले.

त्यानंतर मी हाताला लागेल ते वाचू लागलो. जर्मनीची हकीकत त्यात वाचली. २० फेब्रुवारी १९३३ रोजी बर्लिनमध्ये गोअरिंगच्या निवासस्थानी वीस-पंचवीस बडे कारखानदार हिटलरला भेटले, आणि निवडणुकीसाठी त्यांनी लाखो मार्क दिले. आय. जी. फार्बेन या रसायनांच्या कंपनीचे एकटीचे चार लाख. युद्धानंतर न्यूरेंबर्गच्या खटल्यांत हे उजेडात आले. आपण महाडची कारखान्यांची माणसे; रंग आणि रसायने बनवणाऱ्या कंपनीने काय केले ते आपण लक्षात ठेवण्यासारखे आहे. परंतु ही बैठक झाली तेव्हा हिटलर आधीच चॅन्सेलर झालेला होता. त्यापूर्वीची वर्षे त्याच्या पक्षाने बरेचसे काढले ते सभासदांच्या वर्गणीवर आणि सभांना लावलेल्या तिकिटांवर. अमेरिकन इतिहासकार हेन्री टर्नर यांनी १९८५ साली एक जाड ग्रंथ लिहून हे दाखवून दिले. म्हणजे बेकार, धास्तावलेल्या माणसांनी आधी आपल्या खिशातले मार्क दिले, आणि गाडी चालू लागल्यावर शेठजी तिच्यात चढले. आपल्याकडेही १९८९ साली रामशिला गावोगाव पुजल्या गेल्या, तेव्हा माणशी सव्वा रुपया मागितला गेला. तो सव्वा रुपया देणाऱ्यांत लबाड किती आणि भोळे किती? माझ्या आईने तो दिला असता, आणि हात जोडून दिला असता.

आणि कधी कधी तर सव्वा रुपयाचीही गरज लागत नाही. आपल्या महाडची गोष्ट आपल्याला ठाऊक आहे. ती या दृष्टीने पुन्हा एकदा पाहावी. १९२७ च्या मार्चमध्ये येथे कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद भरली. दासगावचे रामचंद्र बाबाजी मोरे तिच्या खटपटीत पुढे होते. सार्वजनिक तळ्याचे पाणी मिळत नव्हते, म्हणून परिषदेला चाळीस रुपयांचे पाणी विकत घ्यावे लागले. २० मार्चला डॉ. आंबेडकरांच्या मागोमाग माणसे चवदार तळ्यावर गेली आणि पाणी प्यायली. मग गावात एक अफवा उठली, की ही माणसे आता वीरेश्वराच्या देवळात शिरणार. तेवढ्यावर लाठ्या निघाल्या, आणि मंडपात जेवायला बसलेल्यांवर हल्ला झाला. अफवेला पैसा कोणी दिला होता? कोणीही नाही. ती आपल्याच ओट्यांवर उठली आणि आपल्याच गल्ल्यांतून धावली. पैसा लागला तो नंतर, कज्जे लढवायला. डिसेंबरात सनातनी मंडळींनी दिवाणी दावा लावला, आणि तो उच्च न्यायालयात संपायला १७ मार्च १९३७ उजाडला. त्याच डिसेंबरात परिषदेच्या मंडपाला जागा कोणी देईना, तेव्हा ती फत्तेखान नावाच्या मुसलमान गृहस्थाने दिली, हेही याच गावात घडले.

ते रामचंद्र मोरे पुढे कम्युनिस्ट झाले आणि मुंबईच्या कामगार चळवळीत राहिले. निळ्या आणि लाल झेंड्यांच्या मध्ये उभे राहणे त्यांच्या काळातही सोपे नव्हते. पटवर्धनांच्या 'जय भीम कॉम्रेड' या चित्रपटाचे नाव वाचले, की मला आधी दासगाव आठवते. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेध करणाऱ्या वस्तीवर पोलिसांनी गोळीबार केला आणि दहा माणसे मेली. चार दिवसांनी विलास घोगरे या लोकशाहिराने गळफास घेतला. घोगरे पटवर्धनांच्या 'हमारा शहर' या चित्रपटात गायले होते. त्यांच्या डाव्या गटाने त्यांना आधीच बाहेर काढले होते, आणि मरताना त्यांनी डोक्याला निळी पट्टी बांधली होती. पटवर्धनांनी त्या दिवसापासून चित्रीकरण सुरू केले आणि चौदा वर्षांनी, २०११ साली, चित्रपट पुरा केला. त्यात गोळीबाराची चौकशी आहेच. परंतु आपल्या जवळच्या माणसाला चळवळीने एकटे का सोडले, हाही प्रश्न आहे. दाराशी उभ्या असलेल्या त्या मुलाचा प्रश्न यापेक्षा फार निराळा नव्हता.

चौदा वर्षे एका वस्तीत जात राहणे म्हणजे काय, हे मला माझ्या गावावरून समजले. २२ जुलै २०२१ रोजी आमच्या तळीयेवर दरड कोसळली आणि ऐंशीहून अधिक माणसे गाडली गेली. पाणी ओसरून वाट मोकळी झाली तसे कॅमेरे आले. दोन आठवड्यांत ते गेले, आणि त्यांना दोष देण्यात अर्थ नाही. त्यांचे काम बातमीचे. परंतु चिखल उपसायला जी पोरे आली, ती नाना झेंड्यांखालची होती. त्यांत मोर्चातला तो मुलगाही होता. चौथ्या दिवसापर्यंत तो चिखलात उभा होता, आणि कोणाचे प्रेत कोणत्या धर्मजातीचे हे त्याने विचारले नाही. त्याला कोणी पैसे दिले नव्हते. मोर्चालाही दिले नव्हते. दोन्ही वेळा त्याला कोणीतरी हाक मारली होती आणि काहीतरी करायला सांगितले होते.

म्हणून पात्याची चौकशी सोडून द्यावी काय? मुळीच नाही. पटवर्धनांच्या २०१८ सालच्या 'विवेक' या चित्रपटात डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि कॉम्रेड गोविंद पानसरे यांच्या खुनांचा शोध आहे. दाभोलकर २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात मारले गेले. 'शिवाजी कोण होता?' लिहिणारे पानसरे, कामगारांचे वकील, यांच्यावर १६ फेब्रुवारी २०१५ रोजी कोल्हापुरात गोळ्या झाडल्या गेल्या आणि चार दिवसांनी ते गेले. या चित्रपटाला ॲमस्टरडॅमच्या महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळाले; आपल्याकडे केरळच्या महोत्सवात तो दाखवायला २०१९ साली उच्च न्यायालयाची परवानगी घ्यावी लागली. चित्रपटानंतर सहा वर्षांनी, १० मे २०२४ रोजी, पुण्याच्या विशेष न्यायालयाने दाभोलकर खटल्यात दोन तरुणांना जन्मठेप दिली आणि तिघांना सोडले. निकालपत्रात न्यायाधीशांनी एक गोष्ट नमूद केली. या दोघांची आर्थिक आणि सामाजिक परिस्थिती पाहता ते कटाचे सूत्रधार असू शकत नाहीत. सूत्रधार दुसराच कोणी आहे, आणि तपासयंत्रणांना तो हुडकता आला नाही, असा त्याचा आशय आहे.

मला हा परिच्छेद कित्येक वेळा वाचावासा वाटला. न्यायालयाने येथे दांडा आणि पाते वेगळे करून दाखवले आहेत. दांडा सापडला, तुरुंगात गेला. ज्याने पाते घडवले आणि ज्याने त्याला धार लावली, तो सापडला नाही. आणि तो जोवर सापडत नाही, तोवर त्याला एवढेच करायचे आहे, की आपल्या रानात येऊन दुसरे लाकूड शोधायचे. लाकूड त्याला मिळेल की नाही, हे मात्र न्यायालयाच्या हातात नाही. ते तुमच्या-माझ्या हातात आहे.

तेव्हा मी दोनच गोष्टी मागतो. कोणतीही संघटना, कोणतेही मंडळ वर्गणीला दारात आले, मग ते गणपतीचे असो, जयंतीचे असो की आमच्या लाल झेंड्याचे, तर पावती मागा आणि वर्षअखेर हिशेब मागा. आणि ज्या घरातला कमावता माणूस घरी बसला आहे, त्या घरच्या मुलाला बोलावणे पाठवा. वर्गणीसाठी नको, वाचनालयात, आखाड्यात, व्याख्यानाला, जिथे तुमचे काम असेल तिथे. आम्ही आता संघटनेच्या खोलीवर महिन्यातून एकदा चित्रपट दाखवतो, आणि चादर बांधायचे काम त्या मुलाकडे आहे. तो अजूनही माझ्याशी वाद घालतो. पुष्कळदा त्याचे बरोबर नसते, कधी कधी असते.

या व्याख्यानमालेचा जमाखर्च शेवटच्या दिवशी वाचून दाखवण्याची पद्धत आहे. तो वाचायला सुरुवात झाली, की निम्मे लोक चपला शोधायला उठतात. मीही उठलो आहे. यंदा जरा बसून घ्यावे आणि सारे आकडे शेवटपर्यंत ऐकावेत, एवढी विनंती करून मी आपली रजा घेतो.